डोळे बाकी

आमच्या हमरापुरात कुठलीही वस्तू पूर्ण झाली, असं कुणी पटकन म्हणत नाही. कारखान्यात ओळीने उभ्या असलेल्या गणपतींच्या हाताला चिठ्ठ्या बांधलेल्या असतात आणि चिठ्ठीवर गिऱ्हाइकाच्या नावाखाली काय राहिलंय ते लिहिलेलं असतं. 'पितांबर पिवळा.' 'मुकुटाला हिरे.' 'उंदीर उजवीकडे पाहिजे, मागच्या वर्षी डावीकडे दिला, घरात आठ दिवस ऐकून घेतलं.' एकेक काम उरकतं, एकेक ओळ खोडली जाते आणि शेवटी प्रत्येक चिठ्ठीवर दोनच शब्द उरतात : 'डोळे बाकी'. ते खोडायचा अधिकार आमच्या घरात फक्त काकांचा. साचा कुणीही भरतो, घासायला पोरं आहेत, रंगाला कॉम्प्रेसर आहे. आखणी मात्र काकांची. गेली चाळीस वर्षं ते श्वास रोखून देवाला दृष्टी देतायत. त्या वेळी कारखान्यात जो शिंकेल त्याला दिवसभर चहा मिळत नाही.

अशा घरात गेल्या मे महिन्यात मी माळ्यावरून एक काळा डबा खाली काढला आणि पुढचे पंधरा दिवस घरादाराला कामाला लावलं.

डबा म्हणजे प्लेस्टेशन २. हा खेळ-डबा जपानात ४ मार्च २००० रोजी विक्रीला आला, जगभर पंधरा कोटींहून जास्त खपला आणि २०१३ च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन बंद झालं. आमच्याकडे तो माझ्या पहिल्या नोकरीच्या पहिल्या बोनसमधून आला. त्या काळी मुंबईत लॅमिंग्टन रोडला 'चिप मारलेला' डबा सर्रास मिळायचा, त्यात कुठलीही पन्नास रुपड्यांची तबकडी चालायची. पण काका बरोबर आले होते. "चिप मारली की वॉरंटी जाते," असं दुकानदाराच्या तोंडून निसटलं, तेव्हा काकांनी वॉरंटी निवडली. त्यामुळे आमच्याकडे खेळ तीनच, पण अस्सल : क्रिकेट ०७, गॉड ऑफ वॉर २ आणि हनुमान : बॉय वॉरियर. वॉरंटी वर्षभरात संपली. अस्सलपणा अजून चालू आहे.

दहा वर्षं डबा माळ्यावर होता आणि माळ्याखाली कारखाना होता. हमरापूर, जोहे, कळवे, तांबडशेत या पट्ट्यात घराघरांत गणपती होतात आणि जिथे गणपती होतात तिथे प्लास्टरची पूड होते. ती पापडावर बसते, पोह्यांत उतरते, लग्नाच्या अल्बमातून निघते. डबा उलटा केला तर आतून पांढरी पूड पडली आणि मागोमाग चार इंच काथ्या आला. काथ्या आम्ही मूर्तीच्या आत घालतो, मजबुतीसाठी. तो डब्यात कुणी घातला हे कळलं नाही. बहुधा सवयीने गेला असेल.

वायर लावली. दिवा हिरवा झाला. तबकडी घातली. आत काहीतरी घरघरलं, पुन्हा घरघरलं, म्हाताऱ्याने खाकरून घसा साफ करावा तसं. मग टीव्हीचा पडदा लालभडक झाला आणि त्यावर, प्लेस्टेशनची तबकडी घाला, अशा अर्थाचा मजकूर आला. म्हणजे पोटात घातलेली तबकडी त्याला दिसतच नव्हती.

काका मागे उभे होते. त्यांनी एका नजरेत निदान केलं. "डोला गेलाय त्याचा." (आमच्या आगरीत डोळ्याचा 'ळ' लागत नाही. दृष्टी तेवढीच असते.)

निदान तंतोतंत बरोबर होतं. तबकडी वाचतो तो लेसर, त्याच्यापुढचं भिंग, त्यावर दहा वर्षांचं प्लास्टर. काकांचा स्वतःचा मोतीबिंदू दिवाळीनंतर काढलेला, त्यामुळे या विषयात ते अधिकारवाणीने बोलतात. "मना बसवली तशी त्याला लेन्स बसव. सकाली नेला, दुपारी घरी."

पनवेलला एका दुरुस्तीवाल्याकडे नेला. त्याने डबा हातात घेऊन आधी वजनाचा अंदाज घेतला, त्यातच मला उत्तर कळलं. "भाग येत नाहीत आता. आला तर जुन्यातून काढलेला येईल, त्याचीही गॅरंटी नाही. घड्याळ करा याचं. भिंतीवर छान दिसेल." मी डबा घेऊन परत आलो. काका काही बोलले नाहीत. त्यांनी कोऱ्या चिठ्ठीवर दोन शब्द लिहिले, तिला दोरा ओवला आणि डब्याच्या बटनाला बांधली. 'डोळे बाकी.'

*

सुट्टीत डोंबिवलीहून आलेला भाचा चौदा वर्षांचा आहे, म्हणजे त्याला सगळं येतं. तो जेवताना म्हणाला, "मामा, लेन्स कशाला? होमब्रू टाक ना."

आईच्या हातातली भाकरी थांबली. "काय टाक?"

"होमब्रू. घरी बनवतात ते."

रायगड जिल्ह्यात 'घरी बनवतात ते' म्हटल्यावर एकच गोष्ट डोळ्यांपुढे येते आणि तिच्यावर पोलिसांच्या धाडी पडतात. आईने भाच्याकडे, मग माझ्याकडे पाहिलं. "गणपतीच्या कारखान्यात हातभट्टी लावताय? बापाला कळलं त्याच्या तर..."

अर्धा तास समजावण्यात गेला. होमब्रू म्हणजे कंपनीने न लिहिलेले, हौशी माणसांनी घरी बसून लिहिलेले प्रोग्रॅम. अशाच हौशी मंडळींनी २००९ च्या सुमारास 'ओपन पीएस२ लोडर' नावाचा प्रोग्रॅम सुरू केला. तो डब्याला सांगतो : बाबा रे, तुझा डोळा गेला ना, जाऊ दे. तबकडी वाचूच नकोस. तोच खेळ मी तुला पेन ड्राइव्हवरून किंवा वायरीतून वाचून दाखवतो. डबा बनायचा थांबला, कंपनी पुढच्या डब्यांकडे वळली, तरी ही माणसं बिनपगारी हा प्रोग्रॅम सुधारत बसली आहेत. आईला ते पटलं नाही, पण दारू नाही एवढं पटलं.

काकांनी सार काढलं. "म्हंजे आंधल्याला पोथी वाचून दाखवनारा."

आजवर मी वाचलेल्या सगळ्या तांत्रिक वर्णनांत हे सर्वांत चोख आहे.

अडचण पुढे होती. हा वाचून दाखवणारा डब्यात शिरणार कसा? डबा परक्याला दारात उभा करत नाही. त्यासाठी आणखी एक प्रोग्रॅम लागतो : फ्री मॅकबूट. तो मेमरी कार्डावर बसतो आणि डबा सुरू होतानाच त्याच्या कानात सांगतो की बाहेर पाहुणे आलेत, आपलेच आहेत. (शेजारच्या मामांनी 'फ्री' आणि 'बूट' एवढंच ऐकलं आणि आठ नंबर मिळेल का, असं विचारून ठेवलं.) मेमरी कार्ड आठ एमबीचं. मामांकडून रोज सकाळी येणारा 'शुभ प्रभात'चा एक व्हिडिओ त्यात मावणार नाही. पण या आठ एमबीत सगळं रामायण. गंमत अशी की फ्री मॅकबूट कार्डावर चढवायचा सोपा मार्ग म्हणजे तो आधीच चढवलेला दुसरा डबा. कार्ड बनवायला कार्ड हवं.

आईला हे मात्र पटकन कळलं. "विरजण," ती म्हणाली. "दही लावायला दही लागतंच. कुणाकडे तरी वाटी घेऊन जा."

*

विरजण रोह्याला होतं. भाच्याच्या मित्राच्या मावसभावाकडे, असं काहीतरी नातं. आम्ही डबा अंगाला गुंडाळायच्या मोठ्या टॉवेलात बांधला, वर प्लास्टिकचा कागद घेतला आणि हमरापूर स्टेशनवर दिवा–रोहा गाडीची वाट पाहत उभे राहिलो. पनवेलहून येताना जिते गेलं की हमरापूर, मग पेण, कासू, नागोठणे, निडी, रोहा. गाड्या मोजक्याच असतात, त्यामुळे गाडी चुकली तर वाट पाहण्याचा रस्ता उरतो किंवा मुंबई–गोवा महामार्ग. आमच्या बाजूचं महामार्गाचं रुंदीकरण २०११ साली सुरू झालं. लोडिंगची पट्टी पुढे सरकत नाही म्हणून वैतागणाऱ्या पोरांना आम्ही त्या रस्त्यावर एकदा फिरवून आणतो.

गाडीच्या डब्यात मी मांडीवर गाठोडं घेऊन बसलो. समोरच्या आजींनी आधी गाठोड्याला हात जोडले, मग मला विचारलं, "परदेशी चाललाय काय रं?"

प्रश्न गैर नव्हता. परदेशी जाणारे गणपती आमच्याकडून काही महिने आधीच निघतात, बोटीने जायचे असतात ना. मी काही बोलायच्या आत भाचा म्हणाला, "नाही आजी, रोह्याला."

"किती दिसांचा?"

"दीड," भाचा म्हणाला.

आजींनी पदर सावरला आणि पिशवीतून जास्वंदीचं एक फूल काढून टॉवेलावर ठेवलं. मी त्या फुलासकट रोह्याला उतरलो. खोटं बोलल्याचं पाप लागू नये म्हणून भाच्याला खडसावलं, पण त्याच्या 'दीड'चा अर्थ पुढे मला चांगलाच कळायचा होता.

रोह्याचा मुलगा विशीतला. त्याने डबा उघडायच्या आधी उलटा केला आणि खालच्या स्टिकरवरचा नंबर वाचला, गोत्र विचारावं तसा. "सत्त्याहत्तर हजारवाला आहे. जमेल." मग समजावून सांगितलं की नव्वद हजारांच्या मालिकेतले उशिरा बनलेले डबे हे कार्ड घरात घेत नाहीत, त्यांची बिरादरी वेगळी, त्यांच्यासाठी दुसरी युक्ती. आमचं गोत्र जुळलं. त्याने आपल्या डब्यात आमचं कार्ड घातलं, चार बटनं दाबली, त्याच्या आईने पोहे आणले, पोहे संपेपर्यंत विरजण लागलं. पैसे विचारले तर म्हणाला, "मलाही असंच कुणीतरी फुकट करून दिलं होतं. तुम्ही पुढच्याला द्या."

एवढ्या उदार मुलाला रिकाम्या हाताने कसं सोडायचं? मी त्याला जास्वंदीचं फूल दिलं. तो गोंधळला, पण त्याच्या आईने ते देव्हाऱ्यात ठेवलं.

*

घरी आल्यावर खरी पूजा सुरू झाली. तबकड्यांची प्रत काढायची तर लॅपटॉपात तबकडी घालायला हवी.

"मामा, याला भोकच नाही," भाचा लॅपटॉप चारी बाजूंनी फिरवत म्हणाला. नव्या लॅपटॉपांतून तबकडीची खाच कधीच गेली, आम्हीच पाहिलं नव्हतं. बाहेरून जोडायचं यंत्र शेजारच्या गावातल्या एका फोटोवाल्याकडे सापडलं. त्याच्यावर २०११ पासूनच्या लग्नांची धूळ होती, तरी त्याचा डोळा शाबूत होता.

पहिली तबकडी आत गेली आणि पडद्यावर टक्के सरकू लागले, तेवढ्यात काका आले. "काय करता?"

"कॉपी काढतोय, काका."

'कॉपी' हा शब्द हमरापुरात जपून उच्चारावा लागतो. आमच्या धंद्यातली सर्वांत जुनी चोरी तीच आहे. कुणी मूर्तिकार महिनोन्‌महिने खपून मातीचं नवं मॉडेल घडवतो : बसायची ढब नवी, सोंडेचा बाक नवा. पहिली मूर्ती बाजारात जाते. ती कुणीतरी गिऱ्हाईक बनून विकत घेतो, घरी नेऊन तिच्यावर रबर चढवतो आणि साचा काढतो. पुढच्या वर्षी तीच ढब चार गावांत. काकांच्या एका बालगणेशाचं असं झालं होतं. गोष्ट वीस वर्षांपूर्वीची, पण ज्याने साचा काढला त्याच्या लग्नात काका जेवले नव्हते आणि त्याच्या मुलाच्या लग्नातही जेवले नाहीत.

"साचा कारता कुनाच्या मालाचा?" काकांचा आवाज चढला.

मी गडबडीने तबकड्या पुढे केल्या, पावतीसुद्धा. आपल्याच पैशाने घेतलेल्या, अस्सल. मग कायदा काढला. १९५७ चा प्रताधिकार कायदा, कलम ५२. संगणकाचा प्रोग्रॅम ज्याच्याकडे रीतसर आलाय, त्याने तो हरवू नये, मोडू नये म्हणून राखीव प्रत काढली तर कायदा त्याला उल्लंघन मानत नाही. इंटरनेटवर फुकट पडलेला दुसऱ्याचा खेळ उतरवून घेतला की मात्र तो साचा मारणंच झालं.

काकांनी पावती उलटसुलट पाहिली. पावतीवरचा माझा मिशी नसतानाचा काळ त्यांना आठवला असावा. "आपल्या मूर्तीचा साचा आपनच कारला, तर ती चोरी नय," त्यांनी निकाल दिला. संसदेला जे मांडायला उपकलमं लागली, ते काकांनी एका वाक्यात बसवलं. मग स्टूल ओढून बसले आणि त्यांनी खरा कारागिराचा प्रश्न विचारला. "कितव्या कॉपीला नाक बसतं?"

मला आधी कळलंच नाही. मग उलगडा झाला. साच्यातून माल काढत गेलं की साचा झिजतो. मूर्तीवरून साचा, त्या साच्यातल्या मूर्तीवरून पुन्हा साचा, असं झालं की नाक बोथट, कान जाड, बोटं एकमेकांना चिकटलेली. अनुभवी माणूस मूर्ती पाहून सांगतो, ही मूळची, ही नातवंड, ही पणतवंड.

"याला झीज नाही, काका. लाखावी प्रतही पहिल्यासारखीच."

काका बराच वेळ सरकणारे टक्के पाहत राहिले. "मग मागून हात फिरवायला कुनी लागत नय," ते म्हणाले. त्यात आश्चर्य किती आणि वाईट वाटणं किती, हे मला ठरवता आलं नाही.

तिसऱ्या तबकडीवर हनुमान होता. हनुमान : बॉय वॉरियर हा हैदराबादेत घडलेला, २००९ साली आलेला प्लेस्टेशन २ चा खेळ. पूर्णपणे भारतात बनलेला असा तो पहिला म्हणून त्याचं तेव्हा कौतुक झालं. अमेरिकेतून त्याच्यावर आक्षेपही आला होता, की देवाला बटनं दाबून फिरवायचं म्हणजे देवाची विटंबना. मी हे काकांना सांगितलं. काकांनी मागे वळून कारखान्याकडे बोट केलं. तिथे पोरं चार गणपती काखेत मारून नेत होती, एक जण सोंड धरून एकाला बाजूला सरकवत होता आणि बाहेर टेम्पोवाला ओरडत होता, "माल आवरा लवकर!"

"प्रानप्रतिष्ठा झाली काय त्याची? नय ना? मग तो माल. बटनानं फिरव नाय तर टेम्पोनं."

*

आता पेन ड्राइव्ह. चौसष्ट जीबीचा आणला. डब्याने ओळख दाखवली नाही. कारण नवा ड्राइव्ह एक्सफॅट नावाच्या पद्धतीने मांडलेला येतो आणि आमच्याकडच्या लोडरच्या जुन्या आवृत्तीला फॅट ३२ पद्धतच कळते. विंडोजला म्हटलं, बाई, तेवढा फॅट ३२ करून दे. तर तिच्या खिडकीत बत्तीस जीबीच्या वर ती सोयच नाही. मग त्यासाठी वेगळा प्रोग्रॅम. लोडरच्या नव्या आवृत्त्यांना एक्सफॅटही चालतो म्हणे, म्हणजे एक म्हणतो हेच कर, दुसरा म्हणतो हे करायची गरजच नव्हती.

नियम डोक्यावर लोंबकळत असताना काम करत राहायची आम्हाला सवय आहे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०२० मध्ये प्लास्टरच्या मूर्तींना मनाई करणारी मार्गदर्शक तत्त्वं काढली. पुढे कोर्टकचेऱ्या झाल्या. जून २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सांगितलं की मूर्ती बनवा, पण नैसर्गिक पाण्यात विसर्जन नको. तेव्हा आमच्या गावाला घडवण्याची परवानगी एकीकडून आणि बुडवण्याची मनाई दुसरीकडून, हे नवीन नाही. आम्ही दोन्हीकडे मान हलवतो आणि साचा भरतो.

फॅट ३२ ची आणखी एक अट. चार जीबीपेक्षा मोठी फाइल तिच्या पोटात राहत नाही आणि गॉड ऑफ वॉर २ चांगला लठ्ठ. भाचा रडकुंडीला आला. पण इथे कारखाना कामाला आला. मोठा गणपती एका साच्यातून निघतो कुठे? धड वेगळं, हात वेगळे, सोंड वेगळी, मग जागेवर नेऊन जोडायचं. आम्ही तसंच केलं. एका प्रोग्रॅमने खेळाचे एकेक जीबीचे तुकडे पाडले, ते ड्राइव्हवर मांडले, जोडायचं काम लोडरकडे. फक्त नावं अचूक हवीत. अखंड राहिलेले सीडीवाले खेळ 'सीडी' नावाच्या घरात, डीव्हीडीवाले 'डीव्हीडी' नावाच्या घरात. अक्षर चुकलं की खेळ हरवला.

एवढ्यावर भागत नाही. फाइल ड्राइव्हवर सलग बसलेली लागते. मधेमधे दुसऱ्यांनी जागा अडवल्या आणि फाइल तुटक तुटक बसली की लोडर रुसतो. आई म्हणाली, "बरोबर आहे त्याचं." गणपतीला मुंबईहून येताना आमचं कुटुंब चार डब्यांत विखुरतं, तेव्हा मोदकांचा डबा एकाकडे आणि झाकण उघडायची परवानगी दुसऱ्याकडे असते. पेन ड्राइव्ह पुसला, सगळ्यांना पुन्हा ओळीने बसवलं.

मग तो क्षण आला. घरातले सगळे टीव्हीपुढे. मामा बूट मिळायच्या आशेने आलेले. डबा सुरू केला. कार्डाने काम केलं, पडद्यावर पूर्वी कधी नसलेली यादी उगवली. ओपन पीएस२ लोडर निवडला. निळसर पडदा उघडला.

रिकामा.

एकही खेळ नाही. ड्राइव्ह काढला, फुंकला, घातला. रिकामा. दुसऱ्या भोकात घातला. रिकामा. अर्धी रात्र गेली. मामा गेले. भाचा झोपला, तोही कंट्रोलर धरून. पहाटे दोन वाजता मी सेटिंगच्या आतल्या सेटिंगमध्ये शिरलो आणि तिथे एक ओळ दिसली. त्या ओळीचा मराठीत अर्थ : यूएसबीकडे बघायचं का? आणि पुढे उत्तर आधीच भरलेलं : नाही.

म्हणजे मांडव घातला, मूर्ती आणली, आरतीला माणसं जमली आणि भटजींना आमंत्रणच नाही. मी 'नाही'चं 'आपोआप' केलं, बदल जतन केला आणि तीन नावं एकाखाली एक उभी राहिली. पहाटे दोन वाजता एकट्याने टाळ्या कशा वाजवायच्या? मी कारखान्यात गेलो आणि पस्तीस गणपतींना सांगून आलो. सगळ्यांचे डोळे बाकी होते. त्यांनी फक्त ऐकलं.

*

क्रिकेट ०७ लागलं. फलंदाज आला. गोलंदाज धावायला लागला आणि हवेत थांबला. मग एक पाऊल. मग थांबला. समालोचक अर्धा शब्द बोलून विचारात पडला. याचंही कारण होतं. डब्याचा स्वतःचा डोळा तरुणपणी सेकंदाला पाच एमबीच्या आसपास वाचत असे. त्याची यूएसबीची खाच जुनी, १.१ जातीची, कागदोपत्री सेकंदाला दीड एमबी. पुन्हा दीड. खेळापेक्षा खेळातल्या चित्रफितींना हे फार जाचतं. त्यावर लोडरमध्ये प्रत्येक खेळासाठी वेगवेगळे 'मोड' असतात. चौथा मोड चित्रफिती वगळतो. मी तो लावला. लग्नात मंगलाष्टकं वगळून थेट अक्षता टाकल्यासारखं झालं, पण जेवण वेळेवर सुरू झालं.

शनिवारी दुपारी आम्ही खेळायला बसलो. मामा, मी, भाचा, कारखान्यातली दोन पोरं. रविवारी संध्याकाळी पहिला पाऊस आला, त्याच्या स्वागताला वीज गेली. भाच्याला सोमवारी डोंबिवलीला जायचं होतं. मी हिशेब केला. पंधरा दिवस जमवाजमव, एक रेल्वेचा प्रवास, तीन पेन ड्राइव्ह, रात्रीची जागरणं. खेळलो दीड दिवस.

मला त्याचं वाईट वाटायला हवं होतं. वाटलं नाही. गावात राहून ते वाटणं अवघडच आहे. आमचं अख्खं गाव वर्षभर साचा भरतं, घासतं, रंगवतं, आणि कित्येक घरांत त्या मूर्तीचा मुक्काम असतो दीड दिवस. कुणी विचारत नाही, की एवढ्यासाठी एवढं कशाला? ज्याने आयुष्यभर घडवलं, त्याचा सण घडवतानाच साजरा होऊन गेलेला असतो. ते लोडर लिहिणारे लोक खेळत किती असतील? मला शंका आहे. ते आमच्यासारखेच असणार. बारा महिने कारखान्यात.

भाचा निघताना म्हणाला, "मामा, पुढच्या सुट्टीत वायरीतून चालवू. फास्ट होतं." वायर म्हणजे लॅपटॉप आणि डबा थेट जोडणं. त्यासाठी विंडोजने असुरक्षित म्हणून बंद करून ठेवलेला एक जुना दरवाजा पुन्हा उघडावा लागतो. म्हणजे आणखी पंधरा दिवस. मी हो म्हणून टाकलं, न खेळायच्या आनंदाने.

डबा माळ्यावर ठेवायच्या आधी काकांनी तो मागून घेतला. मऊ ब्रशने पुसला, या वेळी प्लास्टिकच्या दोन पिशव्यांत बांधला, परदेशी माल बांधतात तसा. मग बटनाला अडकवलेली चिठ्ठी हातात घेतली, कानामागची पेन्सिल काढली, क्षणभर श्वास रोखला आणि 'डोळे' या शब्दावर एक सरळ रेघ मारली.

'बाकी' तसंच ठेवलं. त्याच्या आधी नवा शब्द लिहिला आणि चिठ्ठी माझ्याकडे वळवली. माझ्या लक्षात आलं, की ते तीन पेन ड्राइव्ह मी कारखान्याच्या गल्ल्यातून घेतले होते.

चिठ्ठीवर आता होतं : 'पैसे बाकी.'